स्वप्नपुंज सिद्धांत : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

स्वप्नपुंज सिद्धांत हा एका विज्ञानकथेसाठी मी रचलेला कल्पित सिद्धांत आहे. इंदुरातील मराठी वाचकांसमोर त्या कथेचे वाचन झाल्यापासून कथेतील पात्रांपेक्षा या सिद्धांताविषयीच अधिक विचारणा होत आली आहे. काही वाचकांनी तो खरा मानला, तर काहींनी त्यासोबत स्वप्नांचे सगळेच विज्ञान कल्पित ठरवले. दोन्ही समज दूर व्हावेत, म्हणून पुन्हा पुन्हा आलेल्या प्रश्नांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत.

हा सिद्धांत खरा आहे का?

नाही. तो कोणत्याही प्रयोगशाळेत मांडला गेलेला नाही आणि त्याच्या बाजूने कोणताही पुरावा नाही. मात्र त्यात येणाऱ्या बहुतेक गोष्टी, म्हणजे पेशींतील सूक्ष्मनलिका, मेंदूला सतर्क ठेवणारे रसायन नॉरअ‍ॅड्रेनलिन, रेम झोप (झोपेचा बहुधा स्वप्ने पडणारा टप्पा) आणि अणु-कणांच्या जगातले क्वांटम अध्यारोपण, या खऱ्या आहेत. खऱ्या वस्तूंची नावे घेऊन रचलेली कल्पना सहज पटते, म्हणून हे उत्तर सर्वांत आधी दिले आहे.

सिद्धांत नेमके काय सांगतो?

त्याची तीन गृहीतके आहेत. पहिले असे की, रेम झोपेत बाहेरच्या जगाकडून येणाऱ्या संवेदना जवळजवळ थांबतात, त्यामुळे मेंदूतील चेतापेशींच्या आत असलेल्या सूक्ष्मनलिकांना एकाच वेळी अनेक अवस्थांत राहता येते. भौतिकशास्त्रात अशा स्थितीला अध्यारोपण म्हणतात. दुसरे गृहीतक असे की, यांतील प्रत्येक अवस्था म्हणजे एक स्वतंत्र प्रसंग असतो. आपण एकाच वेळी माहेरच्या वाड्यात असतो, परीक्षेच्या वर्गात असतो आणि सुटणाऱ्या गाडीमागे धावतही असतो. तिसरे गृहीतक असे की, जाग येताना मेंदूत नॉरअ‍ॅड्रेनलिनचा जो लोट येतो तो मापनाचे काम करतो, अनेक प्रसंगांपैकी एकच शिल्लक राहतो आणि उरलेले कायमचे नाहीसे होतात. स्वप्नातील विसंगती, घर एकाचे आणि माणसे दुसऱ्याच घरची असा अनुभव, तसेच डोळे उघडताच होणारे विस्मरण, या सर्वांचे स्पष्टीकरण सिद्धांत याच तीन गृहीतकांतून देतो.

ही कल्पना कोठून आली?

तिच्या मुळाशी एक खरा आणि बराच वादग्रस्त सिद्धांत आहे. ब्रिटिश गणितज्ञ रॉजर पेनरोझ, ज्यांना पुढे २०२० मध्ये कृष्णविवरांविषयीच्या कामासाठी भौतिकशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले, आणि अमेरिकेतील भूलतज्ज्ञ स्टुअर्ट हॅमरॉफ यांनी १९९० च्या दशकात असे मांडले की, जाणिवेचा उगम चेतापेशींमधील सूक्ष्मनलिकांत होणाऱ्या क्वांटम घडामोडींत असावा. सूक्ष्मनलिका म्हणजे ट्यूब्युलिन नावाच्या प्रथिनाच्या, सुमारे २५ नॅनोमीटर व्यासाच्या पोकळ नळ्या. पेशीला आकार देणे आणि पेशीच्या आत मालाची ने-आण करण्यासाठी मार्ग पुरवणे ही त्यांची ठाऊक असलेली कामे आहेत. पेनरोझ यांच्या मते अध्यारोपित अवस्था गुरुत्वाकर्षणाशी संबंधित कारणाने आपोआप कोसळते, म्हणजे अनेक अवस्थांपैकी एकच उरते, आणि त्या कोसळण्याच्या क्षणी जाणिवेचा एक कण जन्मतो.

मी त्यातून सूक्ष्मनलिका आणि अध्यारोपण या दोनच गोष्टी घेतल्या. जाणिवेऐवजी स्वप्न आणि गुरुत्वाकर्षणाऐवजी जाग, हा बदल माझा आहे. त्याची जबाबदारी त्या दोघांवर टाकू नये.

मग खऱ्या विज्ञानानुसार स्वप्ने कशी पडतात?

याचे आधुनिक उत्तर १९५३ पासून सुरू होते. त्या वर्षी शिकागो विद्यापीठातील यूजीन असेरिन्स्की आणि नॅथॅनिएल क्लाइटमन यांनी दाखवले की, झोपेच्या ठरावीक टप्प्यांत मिटल्या पापण्यांआड डोळे वेगाने हलतात आणि त्या वेळी उठवलेली माणसे बहुधा स्वप्न सांगतात. या टप्प्याला रेम झोप म्हणतात. प्रौढ माणसाच्या झोपेचा साधारण २० ते २५ टक्के भाग या झोपेत जातो आणि तिचे चक्र सुमारे ९० मिनिटांनी परत येते. फ्रान्समधील ल्यों येथे मिशेल झुव्हे यांनी १९५९ च्या सुमारास मांजरांवरील प्रयोगांतून दाखवले की, या टप्प्यात मेंदू जागेपणाइतकाच सक्रिय असूनही शरीराचे स्नायू शिथिल केलेले असतात.

त्या वेळी मेंदूत रसायनांचा समतोलही पालटतो. अ‍ॅसिटिलकोलिनचे प्रमाण जास्त असते, तर नॉरअ‍ॅड्रेनलिन आणि सेरोटोनिन सोडणाऱ्या पेशी जवळजवळ गप्प होतात. कपाळामागचा जो भाग तर्क आणि क्रम सांभाळतो त्याची हालचाल मंदावते, आणि भावना व दृश्य यांच्याशी संबंधित भाग जोमाने काम करतात. अ‍ॅलन हॉब्सन आणि रॉबर्ट मॅकार्ली यांनी १९७७ मध्ये असे सुचवले की, मेंदूच्या खोडातून येणाऱ्या संकेतांना अर्थ लावण्याचा वरच्या मेंदूचा प्रयत्न म्हणजेच स्वप्न. पुढे मेंदूला इजा झालेल्या रुग्णांच्या अभ्यासातून मार्क सोल्म्स यांनी रेम झोप आणि स्वप्न या दोन वेगळ्या गोष्टी असल्याचे दाखवले. रेम नसलेल्या झोपेतही स्वप्ने पडतात, हे आज सर्वमान्य आहे.

या चित्रात अनेक रिकाम्या जागा आहेत आणि स्वप्नांचे प्रयोजन काय यावर एकमत नाही. पण त्यांपैकी कोणतीही जागा केवळ क्वांटम घडामोडींनीच भरेल अशी नाही. तर्क सांभाळणारा भाग मंद आणि दृश्य रचणारा भाग जोरात असेल, तर वाडा आणि परीक्षेचा वर्ग एकमेकांत मिसळण्यासाठी अध्यारोपणाची गरज उरत नाही.

मेंदू अणूंचाच बनलेला आहे. मग त्यात क्वांटम परिणाम का नसावेत?

असतातच. प्रत्येक रासायनिक बंध क्वांटम नियमांनी बांधलेला आहे आणि त्या अर्थाने खलबत्ताही क्वांटम वस्तूच आहे. प्रश्न वेगळा आहे: अनेक रेणूंचे एकत्रित अध्यारोपण विचाराला किंवा स्वप्नाला पुरेल इतका वेळ टिकते का?

अध्यारोपण हे अतिशय नाजूक असते. आजूबाजूच्या रेणूंचा, आयनांचा, उष्णतेच्या कंपनांचा स्पर्श होताच त्याची सुसंगती परिसरात विखुरली जाते. याला डिकोहेरन्स म्हणतात. अतिवाहक सर्किटांवर चालणारे क्वांटम संगणक निरपेक्ष शून्याच्या अगदी जवळ, एका केल्व्हिनच्या शंभराव्या भागाच्या आसपास, थंड ठेवावे लागतात. मेंदूचे तापमान ३७ अंश सेल्सिअस, म्हणजे सुमारे ३१० केल्व्हिन असते आणि तो पाण्याने व क्षारांनी भरलेला असतो. मॅक्स टेगमार्क यांनी २००० मध्ये केलेल्या गणितानुसार सूक्ष्मनलिकेतील असे अध्यारोपण सेकंदाच्या १० लाख कोटीव्या भागाइतक्या वेळात मोडते. चेतापेशींच्या संदेशांना मात्र सेकंदाच्या हजाराव्या ते दहाव्या भागाइतका वेळ लागतो. हॅमरॉफ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००२ मध्ये या गणितातील गृहीतकांवर आक्षेप घेऊन बराच मोठा, म्हणजे सेकंदाच्या लाखाव्या ते दहा हजाराव्या भागाइतका कालावधी काढला. त्यांचा आकडा धरला, तरी एका रेम टप्प्यात अनेक मिनिटे चालणाऱ्या स्वप्नापर्यंत तो कोठेच पोहोचत नाही. माझ्या कथेतील पहिले गृहीतक याच ठिकाणी सर्वांत जास्त ताणलेले आहे. बाहेरून येणारी संवेदना थांबली म्हणजे आतल्या पाण्याची उष्णता थांबत नाही, हा त्यावरचा सर्वांत सरळ आक्षेप आहे आणि तो मला मान्य आहे.

पण पक्षी आणि वनस्पती क्वांटम परिणाम वापरतात असे वाचले आहे. ते खोटे आहे का?

खोटे नाही, पण काही वेळा ते फुगवून सांगितले जाते. स्थलांतर करणाऱ्या युरोपीय रॉबिन पक्ष्याच्या डोळ्यात क्रिप्टोक्रोम नावाचे प्रथिन असते. प्रकाश पडल्यावर त्यात इलेक्ट्रॉनांची जी जोडी तयार होते तिच्या स्पिनवर (कणांच्या एका अंगभूत चुंबकीय गुणधर्मावर) पृथ्वीच्या क्षीण चुंबकीय क्षेत्राचा परिणाम होत असावा, या कल्पनेला बराच आधार मिळाला आहे. २०२१ मध्ये रॉबिनच्या या प्रथिनावर परीक्षानळीत चुंबकीय क्षेत्राचा परिणाम दिसला; जिवंत पक्ष्याच्या डोळ्यात तसेच घडते हे सिद्ध व्हायचे आहे. प्रकाशसंश्लेषणाची गोष्ट अधिक बोधक आहे. २००७ मध्ये हरित गंधक जीवाणूंच्या एका प्रथिनात, ७७ केल्व्हिन तापमानाला, दीर्घकाळ टिकणारी क्वांटम सुसंगती दिसल्याचा निष्कर्ष निघाला आणि त्याचे जगभर स्वागत झाले. नंतरच्या वर्षांत अधिक काटेकोर प्रयोगांनी दाखवले की, ते आंदोलन बव्हंशी रेणूंच्या कंपनांचे होते.

दोन्ही उदाहरणांत विषय एकेका प्रथिनाचा आणि सेकंदाच्या अतिसूक्ष्म भागांचा आहे. तेथून उडी मारून आजोबांच्या स्वप्नापर्यंत जाता येत नाही.

स्वप्न जागे होताच का विसरते?

कथा याच प्रश्नातून जन्मली, म्हणून त्याचे उत्तर सविस्तर देतो.

सिद्धांत म्हणतो की, बाकीचे प्रसंग कोसळून नाहीसे झाले. कल्पना म्हणून ही मला आजही आवडते. वास्तवात जे दिसते ते असे: अनुभवाची आठवण पक्की होण्यासाठी हिप्पोकॅम्पस हा आठवणींशी संबंधित भाग आणि मेंदूचे वरचे थर यांच्यात ठरावीक रासायनिक परिस्थिती लागते, आणि तिच्यात नॉरअ‍ॅड्रेनलिनचा मोठा वाटा असतो. रेम झोपेत तेच अत्यल्प असते. त्यामुळे स्वप्न घडते, पण त्याची नोंद कच्ची राहते. जाग आल्यावर पहिल्या काही क्षणांत मन त्या कच्च्या नोंदीकडे वळले, तर ती जागेपणीच्या स्मृतीत उतरते; दूधवाल्याच्या हाकेकडे किंवा मोबाइलकडे वळले, तर ती निसटते. त्याशिवाय २०१९ मध्ये उंदरांवरील प्रयोगांत असे दिसले की, मेंदूच्या तळाशी असलेल्या अधःश्चेतक (हायपोथॅलॅमस) या भागातील एमसीएच नावाचे रसायन तयार करणाऱ्या काही पेशी रेम झोपेत सक्रिय असतात, आणि त्या वेळी त्या बंद ठेवल्या तर उंदरांची स्मृती सुधारते. याचा अर्थ विसरणे ही मेंदूची केवळ उणीव नसून काही अंशी त्याने स्वतः केलेले काम असावे. हे निरीक्षण उंदरांच्या स्मृतीचे आहे, माणसाच्या स्वप्नांचे नाही. तरीही मला ते कथेतल्या कोसळणाऱ्या प्रसंगांहून कमी विस्मयकारक वाटत नाही.

एक बारकावा लक्षात घेण्यासारखा आहे. नॉरअ‍ॅड्रेनलिन कथेतही आहे आणि वास्तवातही, पण त्याची भूमिका अगदी उलटी आहे. कथेत त्याचा लोट स्वप्नातील प्रसंग पुसतो. प्रत्यक्षात झोपेतील त्याचा अभाव स्वप्नाची नोंद कच्ची ठेवतो.

मापन म्हणजे कोणीतरी पाहणे ना? मग आपणच आपले स्वप्न पाहतो, तेव्हा ते का कोसळत नाही?

क्वांटम भौतिकशास्त्रात मापनासाठी माणसाच्या डोळ्यांची किंवा मनाची गरज नसते. एखादी अवस्था परिसरावर कायमचा ठसा उमटवते, एवढे पुरेसे असते. तो ठसा फोटोच्या पट्टीवर, उपकरणाच्या काट्यावर किंवा हवेतल्या एका रेणूवरही असू शकतो. मापनात नेमके काय घडते याविषयी भौतिकशास्त्रज्ञांत गंभीर मतभेद आहेत, पण 'मनाने पाहिले म्हणून वास्तव ठरले' हे त्यांच्यातील प्रचलित मत नाही. कथेत जागेला मापन म्हटले आहे, ती लेखकाने घेतलेली मोकळीक आहे.

पहाटेचे स्वप्न खरे होते, यामागे क्वांटम कारण आहे का?

पहाटेची स्वप्ने अधिक लक्षात राहतात, यामागे कारण आहे, आणि ते अगदी साधे आहे. रात्रीच्या पहिल्या चक्रात रेम झोप जेमतेम दहा मिनिटांची असते. पहाटेकडे ती अर्ध्या तासापर्यंत किंवा त्याहून अधिक लांबते. सर्वांत दीर्घ आणि ठळक स्वप्ने त्या वेळी पडतात आणि जागही त्यांच्यातूनच येते. जे लक्षात राहते, त्याचाच पुढे घडलेल्या गोष्टीशी मेळ घातला जातो. रात्री अकराला पडलेले आणि विसरलेले स्वप्न खरे झाले की नाही, हे कोणीच तपासत नाही.

आपल्याकडे 'मनी वसे ते स्वप्नी दिसे' असेही म्हणतात, आणि ही म्हण संशोधनाच्या अधिक जवळ आहे: दिवसातील काळज्या, माणसे आणि अर्धवट कामे स्वप्नांत उतरतात, हे स्वप्नांच्या नोंदींवरील अभ्यासांत सातत्याने दिसते.

दोन जिवलगांना एकाच रात्री एकच स्वप्न पडले. हे एन्टँगलमेंट असू शकेल का?

नाही. एन्टँगलमेंट, म्हणजे दोन कणांच्या अवस्था एकमेकींशी जोडलेल्या असणे, ही प्रयोगांनी पक्की झालेली गोष्ट आहे. तिच्यावरील कामासाठी अ‍ॅलेन अस्पे, जॉन क्लाउझर आणि अँटोन झाइलिंगर यांना २०२२ चे नोबेल पारितोषिक मिळाले. पण एन्टँगलमेंटमधून संदेश पाठवता येत नाही, हे त्याच गणितातून सिद्ध होते. दोन कणांच्या मापनांत संबंध दिसतो, तोही दोन्हीकडच्या नोंदी नेहमीच्या मार्गाने एकत्र आणल्यावर.

येथे थोडे अंकगणित करून पाहावे. २०११ च्या जनगणनेत इंदूर शहराची लोकसंख्या १९ लाखांहून अधिक होती. प्रत्येकाला रात्रीत रेम झोपेचे चार टप्पे येतात असे धरले, तर एकट्या या शहरात एका रात्रीत असे पाऊण कोटी टप्पे होतात. एकाच घरात राहणाऱ्या, एकच लग्नकार्य किंवा एकाच आजारपणाची काळजी वाहणाऱ्या माणसांची त्यांतील काही स्वप्ने एकमेकांशी जुळली नाहीत, तरच नवल.

हे सगळे उपनिषदांत आधीच सांगितले आहे, असे म्हणता येईल का?

मांडूक्य उपनिषदात जागृती, स्वप्न, सुषुप्ती आणि तुरीय अशा चार अवस्थांचा विचार आहे. बृहदारण्यकात स्वप्नाविषयी म्हटले आहे की, तेथे रथ नसतात, घोडे नसतात, मार्ग नसतात. पाहणाराच ते निर्माण करतो. स्वप्न आतून रचले जाते, हे इतक्या स्पष्टपणे इतक्या प्राचीन काळी सांगितले गेले, याचा मला मनापासून आदर वाटतो. त्या ग्रंथांचा विषय आत्म्याचे स्वरूप हा आहे. कणांच्या अवस्थांचे गणित हा त्यांचा विषय नाही. त्यांच्या तोंडी आधुनिक भौतिकशास्त्र घातल्याने ना ग्रंथ नीट समजतात, ना भौतिकशास्त्र.

क्वांटम भौतिकशास्त्राच्या कोणा जनकाला स्वप्नांत रस होता का?

वोल्फगांग पाउली यांना होता. १९४५ चे नोबेल पारितोषिक मिळवणाऱ्या या भौतिकशास्त्रज्ञाने १९३० च्या दशकात आपली शेकडो स्वप्ने मानसशास्त्रज्ञ कार्ल युंग यांच्या अभ्यासासाठी दिली, आणि त्या दोघांचा पत्रव्यवहार अनेक वर्षे चालला. पाउलींनी मन आणि पदार्थ यांच्या संबंधावर खोल विचार केला. परंतु स्वप्न ही क्वांटम प्रक्रिया असल्याचे भौतिकशास्त्रीय प्रमेय त्यांनी मांडले नाही.

स्वप्नातून विज्ञान साधल्याचे अधिक ठोस उदाहरण ऑटो लोवी यांचे आहे. बेडकाच्या हृदयांवरील एका प्रयोगाची रचना त्यांना स्वप्नात सुचली असे ते सांगत. १९२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या प्रयोगाने चेतातंतू रसायनांद्वारे संदेश देतात हे दाखवले, आणि १९३६ मध्ये त्यांना नोबेल मिळाले. ते रसायन पुढे अ‍ॅसिटिलकोलिन ठरले, म्हणजे रेम झोपेत ज्याचे प्रमाण वाढते तेच.

झोपेत छातीवर कोणी बसल्यासारखे वाटते आणि हलता येत नाही. सिद्धांतात याला स्थान आहे का?

नाही, आणि ते हेतुतः दिलेले नाही, कारण हा अनुभव अनेकांना खरोखर घाबरवतो. रेम झोपेत स्नायू शिथिल ठेवणारी यंत्रणा जाग आल्यावरही काही क्षण चालू राहिली, तर माणूस शुद्धीवर असूनही हलू शकत नाही आणि स्वप्नातील भीती खोलीत उभी असल्यासारखी भासते. हा अनुभव काही सेकंदांत किंवा थोड्या मिनिटांत ओसरतो. अपुरी झोप आणि अनियमित वेळा यांमुळे तो वाढतो. वारंवार होत असेल, किंवा दिवसाही अनावर झोप येत असेल, तर डॉक्टरांना दाखवावे.

हा सिद्धांत खोटा आहे, हे कसे सिद्ध करता येईल?

ज्या प्रश्नाची मी सर्वांत जास्त वाट पाहत होतो, तो हा. सिद्धांत रचताना मी मुद्दाम त्याला असे एक विधान करायला लावले आहे, जे प्रयोगाने मोडता येईल: जाग येईपर्यंत स्वप्नाचा एकच निश्चित प्रसंग अस्तित्वात नसतो.

हे विधान प्रत्यक्षात मोडलेले आहे. काही माणसांना स्वप्न चालू असतानाच 'हे स्वप्न आहे' याची जाणीव होते. अशा स्वप्नाला आपण सजग स्वप्न म्हणू. शरीर शिथिल असले, तरी डोळे हलवता येतात, याचा उपयोग करून इंग्लंडमध्ये कीथ हर्न यांनी १९७५ मध्ये झोपलेल्या व्यक्तीकडून आधी ठरवलेल्या नेत्रहालचालींचा संकेत नोंदवला, आणि पुढे अमेरिकेत स्टीफन लबर्ज यांनी हेच स्वतंत्रपणे दाखवले. २०२१ मध्ये अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्समधील चार प्रयोगशाळांनी एकत्रितपणे प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत तर रेम झोपेतील माणसांना प्रश्न विचारले गेले. 'आठ वजा सहा किती?' या प्रश्नाला एका झोपलेल्या व्यक्तीने डोळ्यांच्या हालचालींनी दोन असे उत्तर दिले. म्हणजे जाग येण्याआधी, स्वप्नाच्या आतून, निश्चित आणि बरोबर उत्तर आले.

सिद्धांताचा पाठीराखा म्हणेल की, डोळ्यांचा संकेत हेच मापन होते, म्हणून त्या क्षणी प्रसंग निश्चित झाला. मग त्याला हेही सांगावे लागेल की, संकेत दिल्यानंतरही तेच स्वप्न अखंड कसे चालू राहिले. यापुढचा पुरावा आणखी कठीण आहे. १९८६ मध्ये कार्लोस शेंक आणि मार्क महोवाल्ड यांनी अशा रुग्णांचे वर्णन केले, ज्यांच्यात रेम झोपेतील स्नायूंची शिथिलता नाहीशी झालेली असते आणि ते स्वप्नातील मारामारी अंथरुणातच करू लागतात. उठवल्यावर ते जे स्वप्न सांगतात ते बहुधा त्यांच्या हालचालींशी जुळते. जाग येण्याआधीच हात ज्या एका प्रसंगानुसार चालत होता, तो प्रसंग जागेमुळे निवडला गेला, असे म्हणता येणार नाही. प्रत्येक नव्या पुराव्यासाठी नवी पळवाट जोडत गेलो, तर सिद्धांत कधीच हरणार नाही, आणि मग त्याला विज्ञान म्हणण्याचे कारणही उरणार नाही. म्हणून मी पळवाटा जोडत नाही. तिसरे गृहीतक पडले, असे मी मानतो.

मूळ पेनरोझ–हॅमरॉफ सिद्धांताचीही अशी परीक्षा झाली आहे का?

काही अंशी झाली आहे. इटलीतील ग्रान सासो येथील भूमिगत प्रयोगशाळेत अध्यारोपण कोसळताना बाहेर पडू शकणाऱ्या क्षीण प्रारणाचा शोध घेतला गेला. अपेक्षित होते तेवढे ते सापडले नाही, त्यामुळे गुरुत्वाकर्षणाने होणाऱ्या कोसळण्याची सर्वांत साधी आवृत्ती बाद झाली. इतर आवृत्त्या अजून उभ्या आहेत. दुसऱ्या बाजूने, २०१८ मध्ये उंदरांना झेनॉन वायूने भूल देताना असे आढळले की, झेनॉनच्या ज्या समस्थानिकांच्या (एकाच मूलद्रव्याच्या वेगवेगळ्या वजनाच्या अणूंच्या) अणुकेंद्रकाला स्पिन असतो त्यांचा प्रभाव स्पिन नसलेल्यांपेक्षा कमी पडतो. रासायनिकदृष्ट्या सर्व समस्थानिक जवळजवळ सारखेच असल्यामुळे हा निष्कर्ष लक्षवेधी आहे. भुलेविषयीच्या या एका निरीक्षणावरून स्वप्नांविषयी मात्र काही ठरवता येत नाही.

इंदुरात यावर काही प्रयोग करता येतील का?

राजा रामण्णा प्रगत तंत्रज्ञान केंद्र, ज्याला जुने इंदूरकर आजही 'कॅट' म्हणतात, तेथे लेसरांवर काम चालते आणि इंडस-१ व इंडस-२ हे सिंक्रोट्रॉन प्रकाशस्रोत, म्हणजे वेगवान इलेक्ट्रॉनांपासून तीव्र किरण मिळवणारी यंत्रे, आहेत. इंडस-२ ची ऊर्जा २.५ अब्ज इलेक्ट्रॉनव्होल्ट असून त्यावर प्रथिनांच्या स्फटिकांचा अभ्यास करण्याचीही सोय आहे. अशा किरणांनी प्रथिनाची रचना कळते. ते प्रथिन जिवंत मेंदूत काय करत आहे किंवा त्या माणसाला काय दिसत आहे, हे कळत नाही. त्यामुळे स्वप्नांचे उत्तर तेथे शोधू नये.

घरी करता येण्यासारखा अभ्यास मात्र आहे. उशाशी वही ठेवावी, जाग आल्यावर डोळे मिटूनच आधी स्वप्न आठवावे आणि मग लिहावे. लिहिण्यापूर्वी कोणाशी बोलू नये. वहीत झोपण्याची व उठण्याची वेळ, गजराने जाग आली की आपोआप, आणि आदल्या दिवसाची मुख्य घटना एवढे नोंदवावे. सराफ्यात, म्हणजे इंदूरच्या रात्रीच्या खाऊबाजारात, उशिरापर्यंत खाऊन आल्याची रात्र असेल, तर तेही लिहावे, कारण जड जेवणाने झोप वारंवार मोडते आणि मोडलेल्या झोपेत स्वप्ने अधिक आठवतात. शब-ए-मालवा म्हणून नावाजलेली इथली गार रात्रही नोंदीत यावी: रेम झोपेत शरीराचे तापमान-नियंत्रण मंदावते, त्यामुळे फार उकाडा किंवा फार थंडी असेल, तर हीच झोप आधी तुटते. काही आठवड्यांनी वही चाळताना 'खरी झालेली' स्वप्ने मोजायची असतील, तर खरी न झालेलीही मोजावीत.

'क्वांटम' नावाने स्वप्नांवर उपचार करणाऱ्यांकडे जावे का?

जाऊ नये. क्वांटम भौतिकशास्त्रावर आधारित असा कोणताही सिद्ध स्वप्नोपचार नाही. भीतिदायक स्वप्ने सतत पडत असतील, तर जागेपणी स्वप्नाचा शेवट बदलून तो मनात पुन्हा पुन्हा घोकण्याची एक अभ्यासलेली पद्धत आहे आणि ती मानसोपचारतज्ज्ञांकडून शिकता येते. माझ्या कथेतील वाक्ये कोणी जाहिरातीत वापरताना दिसल्यास, ती कल्पित असल्याचे तेथेच स्पष्ट सांगावे.

शाळेच्या नाटकात किंवा दुसऱ्या कथेत हा सिद्धांत वापरता येईल का?

अवश्य वापरावा, वेगळ्या परवानगीची गरज नाही. प्रयोगाच्या आधी किंवा नंतर तो कल्पित असल्याचे प्रेक्षकांना सांगावे. गृहीतके बदलायची असतील, तर पहिली दोन हवी तशी बदलावीत. तिसरे मात्र आहे तसेच ठेवावे, कारण झोपलेल्या माणसाने डोळ्यांनी दिलेले उत्तर सिद्धांताला जेथे अडवते ती जागा तीच आहे, आणि विद्यार्थ्यांना तो प्रवेश रंगमंचावर सहज उभा करता येईल.